खोलीची शांतता

"बाझिल, ही गाडी आहे की मयताची गाडी? दाब ना जरा!"

"नव्वदवर आहे. मागे कॅमेरा आहे, ऑक्ताव्हचं टेपचं यंत्र आहे, आणि खुद्द ऑक्ताव्ह आहे. बाई एकोणऐंशी वर्षांच्या आहेत. अजून अर्धा तास थांबतील."

"एकोणऐंशीच्या आहेत म्हणूनच म्हणतोय!"

मागच्या सीटवरून ऑक्ताव्ह हसला. आन्सेल्म रुव्हिएर मात्र हसायच्या मनःस्थितीत नव्हता. पॅरिस सोडल्यापासून त्याने मांडीवरची वही पाच वेळा उघडली होती आणि पाच वेळा मिटली होती. वय एकसष्ट, पोट सुटलेलं, डोक्यावर मोजून मूठभर केस, आणि तरी परीक्षेला निघालेल्या पोरासारखे त्याचे गुडघे हलत होते.

सव्वीस वर्षं तो टीव्हीसाठी गाणाऱ्यांच्या आणि रंगमंचावर लोकांना हसवणाऱ्यांच्या फिल्म करत होता. एकेका कलावंतावर एकेक तास. आतापर्यंत एकेचाळीस झाल्या होत्या. एक बोलक्या बाहुलीवाला होता, तो स्वतः तोंड उघडायचाच नाही, सगळी उत्तरं बाहुली द्यायची. एक विनोदी गायक फक्त दाढी करताना खरं बोलायचा, म्हणून त्याची तीन दिवसांत अकरा वेळा दाढी करवली होती. सगळे त्याच्या हाताला लागले. लागली नव्हती ती एकच, लेओनी कार्दो.

लेओनीबाई म्हणजे एके काळी भरल्या थिएटरला पोट धरून हसायला लावणारी बाई. त्यांचा नवरा गास्तों पियानोवर असायचा. तो गेला आणि बाईंनी गाणं बंद केलं. त्याला बावीस वर्षं झाली. आन्सेल्म दर नव्या वर्षाला त्यांना पत्र लिहायचा. दर वर्षी दिएपहून, त्यांच्या बंदराच्या गावाहून, एक पोस्टकार्ड यायचं, त्यावर एकच शब्द असायचा: 'नाही.' अशी एकोणीस पोस्टकार्डं त्याच्या खणात होती.

आणि या मंगळवारी फोन वाजला.

"कार्दो बोलतेय. शनिवारी या. जेवायला शिंपले आणि बटाटे आहेत. गाणं म्हणा म्हणायचं नाही. म्हणालात तर शिंपले मांजराला घालीन."

गाणं म्हणा म्हणायचं नाही. आणि विभागप्रमुखाने शुक्रवारी बजावलं होतं, "आन्सेल्म, न गाणारी गायिका कोण बघणार? गाणं आणलंस तर फिल्म लागेल. नाही तर राहू दे. तसंही वर्षभरात तू काय पुरं केलंयस?"

ते खरं होतं. दोन फिल्म चित्रित होऊन डब्यांत पडून होत्या. त्या जोडायला एडिटिंगच्या खोलीत जावं लागलं असतं, आणि त्या खोलीत तो अकरा महिन्यांत गेला नव्हता. ती खोली युगेतची होती. युगेत त्याची बायको. त्याच्या एकेचाळीसही फिल्म तिने जोडल्या होत्या. मग पोटात दुखायला लागलं, आणि सात आठवड्यांत सगळं आटोपलं. तिच्या जागी आलेल्या नव्या एडिटरला त्याने अजून एकही रीळ दिलं नव्हतं. आता तिचं स्टॉपवॉच तेवढं तो गळ्यात घालून फिरायचा.

* * *

बाईंचं घर बंदराच्या वरच्या चढावर होतं. दार उघडताच बाई म्हणाल्या, "तू रुव्हिएर? मला वाटलं तरुण असशील. अक्षर किती पोरसवदा आहे तुझं!"

"पहिलं पत्र लिहिलं तेव्हा तरुण होतो, बाई."

"मग उशीर केलास. पाय पुसून ये."

बाई काटकुळ्या होत्या. ओठ लाल रंगवलेले, अंगात निळा एप्रन. बैठकीच्या खोलीत गास्तोंचा पियानो होता, झाकण बंद, आणि वर वर्तमानपत्रावर कांदे पसरलेले.

"बघतोस काय? कांदे सुकवायला पियानोसारखी जागा नाही. कोरडी असते."

आन्सेल्म पहिल्यांदा स्वयंपाकघरातच कॅमेरा लावायचा. दिवाणखान्यात माणूस पाहुण्यांशी बोलतो तसं बोलतो, हातात बटाटा आणि सुरी दिली की खरं बोलतो, असा त्याचा अनुभव. ऑक्ताव्हने भिंतीवरच्या घड्याळाच्या लंबकाला बोट लावून ते थांबवलं, फ्रिज बंद केला, आणि गाडीची किल्ली फ्रिजमध्ये लोण्याशेजारी ठेवली.

"हे काय रे नवीन?" बाईंनी विचारलं.

"फ्रिजची घरघर टेपवर येते, बाई. आणि निघताना तो पुन्हा सुरू करायचा विसरलो तर तुमचं लोणी जाईल. किल्लीशिवाय मी घरी जाऊ शकत नाही."

"हा तुमच्यातला शहाणा दिसतो," बाई म्हणाल्या.

आणि मग त्या बोलायला लागल्या. काय बोलल्या! बाझिल कॅमेऱ्यामागे हसू दाबून लाल झाला. एका गावात थिएटरचं छप्पर गळत होतं म्हणून त्यांनी छत्री घेऊन तीन गाणी म्हटली, आणि दुसऱ्या दिवशी पेपरात छत्रीचं कौतुक आलं. एका मॅनेजरने पैशांऐवजी बदकं दिली, ती रेल्वेच्या डब्यात सुटली. आन्सेल्म शेगडीशेजारी स्टुलावर बसला होता. अकरा महिन्यांत पहिल्यांदा त्याच्या छातीत तो जुना ठोका पडत होता. मिळतंय, मिळतंय, अजून मिळतंय!

"आणि गास्तों?" त्याने हळूच विचारलं.

बाईंनी बटाटा पाण्यात टाकला. "गास्तों वाजवायच्या आधी थांबायचा. हात असे पट्ट्यांवर धरायचा, टेकवायचा नाही. लोक खोकायचे, खुर्च्या करकरायच्या, कोणी तरी मागून ओरडायचं, 'झोपलास का रे?' हा आपला थांबलेला. माझ्याकडे बघायचासुद्धा नाही. मग एक वेळ यायची, सगळं थिएटर गप्प. सुई पडली तर ऐकू येईल. तेव्हा मला कळायचं, आता. चाळीस वर्षं मी दुसऱ्या कशावरून सुरुवात केलीच नाही."

"आणि तो गेल्यावर?"

"दोनदा गेले रंगमंचावर. नवा वाजवणारा चांगला होता. एक, दोन, तीन म्हणायचा. मला सुरुवातच करता येईना." त्यांनी पुढचा बटाटा उचलला. "बाकी गावभर सांगितलं, आवाज गेला. लोकांना ते पटकन कळतं."

आन्सेल्मने ओळखलं, आता. त्याने आपलं ठेवणीतलं शस्त्र काढलं. बाझिलला खूण होती. आन्सेल्म नुसता 'कट' म्हणाला तर कॅमेरा बंद करायचा. 'कट, कॉफी मिळेल का?' म्हणाला तर चालू ठेवायचा. कट ऐकलं की माणूस खांदे सोडतो, हसतो, गुणगुणतो. अर्ध्या फिल्म त्या कॉफीवर झाल्या होत्या. युगेतला हे आवडायचं नाही. तिने नियम घातला होता: चोरून घेतलेलं आधी त्या माणसाला दाखवायचं. तो नको म्हणाला तर कात्री.

"कट!" आन्सेल्म म्हणाला. "बाई, जरा कॉफी मिळेल का?"

लेओनीबाईंनी सुरी खाली ठेवली आणि कमरेवर हात ठेवून त्या खो खो हसल्या.

"कॉफी! आली का कॉफी! अरे पोरा, तो बाहुलीवाला माझा मित्र होता. 'लेओनी,' म्हणाला, 'रुव्हिएरनं कॉफी मागितली की तोंड मिटायचं.' त्या कॅमेऱ्यामागच्या लबाडाला सांग, बंद कर."

बाझिलने निमूट बटण दाबलं. ऑक्ताव्ह हेडफोन धरून खिदळत होता. आन्सेल्मचे कान लाल झाले.

"जेवा आता," बाई म्हणाल्या. "शिंपले थंड होतील."

* * *

चार वाजले. सहा रिळं संपली होती, एक उरलं होतं. लहानपण, लढाईची वर्षं, थिएटरं, भांडणं, सगळं मिळालं होतं. गाणं नव्हतं. बाझिलने शेवटचं रीळ कॅमेऱ्यात चढवलं आणि आन्सेल्मला कोपऱ्यात ओढलं.

"विचार ना सरळ! मांजराला घालायला शिंपले उरलेतच कुठे?"

"शब्द दिलाय."

"शब्द! गाणं नसेल तर ही पण तिसरी होऊन डब्यात जाईल. मग टीव्हीवाले तुमची खोली दुसऱ्या कार्यक्रमाला देतील. कळतंय का तुला?"

आन्सेल्मला कळत होतं. तो म्हणाला, "चल, आवरू या."

ऑक्ताव्ह हलला नाही. "शांतता घ्यायची राहिली."

"कोणासाठी?" आन्सेल्म म्हणाला. "जोडणार कोण आहे?"

"ते मला माहीत नाही. पण शांतता न घेता आलो असतो तर युगेतनं मला जिन्यावरून ढकललं असतं."

"हे काय असतं?" बाईंनी विचारलं. त्या टेबलापाशी बसून हात पुसत होत्या.

आन्सेल्मने सांगितलं, "प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, बाई. ऐकू येत नाही, पण असते. दोन तुकडे जोडले की मध्ये आवाजाला भोक पडतं. तिथे त्याच खोलीची शांतता लावायची. म्हणून निघण्याआधी एक मिनिट सगळ्यांनी गप्प बसायचं. कॅमेरा बंद, नुसती टेप चालू. कोणी हलायचं नाही. माझ्या बायकोचा नियम. ती जोडायची."

"आता कोण जोडतं?"

"कोणी नाही."

बाईंनी त्याच्याकडे नीट पाहिलं. मग फडकं बाजूला ठेवलं. "घ्या तर."

"टेप चालू," ऑक्ताव्ह पुटपुटला.

आन्सेल्मने स्टॉपवॉच दाबलं. टक्.

चौघे गप्प. बंदराकडून कुरव पक्ष्यांचा आवाज येत होता, तोही दूरचा. नळाचा एक थेंब पडला. खिडकीतून ऊन टेबलावर आलं होतं, त्यात बटाट्याच्या साली होत्या. दहा सेकंद. वीस. ऑक्ताव्हने डोळे मिटले होते. बाझिल कॅमेऱ्याला टेकून उभा होता. पस्तीस सेकंद. बाईंनी मान थोडी वर केली, हाक ऐकू आल्यासारखी. चाळीस.

आणि लेओनीबाई गायला लागल्या.

त्यांचं सगळ्यात गाजलेलं, सगळ्यात टारगट गाणं. एक पोस्टमन असतो, गावभरची पत्रं वाफेवर उघडून वाचतो, कोणाचं कोणाशी काय चाललंय सगळं त्याला ठाऊक, आणि त्याला मात्र कधी पत्र येत नाही. या गाण्याला लोक खुर्च्यांवरून पडायचे. बाईंनी ते हळू म्हटलं. आवाज गेलेला नव्हता. खाली उतरला होता, खरखरीत झाला होता, पण होता. धृपदाच्या शेवटी पोस्टमनच्या सायकलची घंटी यायची. ती गास्तों पियानोवर वाजवायचा. बाई तिथे थांबल्या. घंटी वाजायला जेवढा वेळ लागतो तेवढ्याच थांबल्या. आणि मग पुढचं कडवं.

आन्सेल्मने डोळ्यांच्या कोपऱ्यातून पाहिलं. बाझिलचा हात बटणापासून बोटभर अंतरावर होता, आणि तो डोळे फाडून आन्सेल्मकडे बघत होता. मान हलव. नुसती मान हलव! बटण दाबलं की मोटर एकदा गुरगुरणार. त्या गुरगुरण्याने बाई थांबतील की नाही, कोण सांगणार? एकोणीस वर्षं. एक मान हलवायची.

पण या मिनिटात कोणी हलायचं नसतं.

त्याने मान हलवली नाही. स्टॉपवॉच घट्ट धरून तो नुसता ऐकत राहिला. दुसरं कडवं, घंटीची रिकामी जागा. तिसरं कडवं, पुन्हा रिकामी जागा. मग संपलं. बाईंनी दोन्ही हात टेबलावर उपडे ठेवले. थोड्या वेळाने आन्सेल्मच्या अंगठ्याने आपोआप बटण दाबलं. टक्.

"गाढवा!" बाझिल फुटला. "महामूर्खा! वीस वर्षं वाट बघितलीस आणि पुतळा होऊन उभा राहिलास!"

"टेपवर आहे," ऑक्ताव्ह म्हणाला. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. "अक्षर अन् अक्षर आहे."

बाईंनी तिघांकडे आळीपाळीने पाहिलं. "म्हणजे? चित्र घेतलं नाहीत? मला वाटलं घेताय!"

"तुम्ही घेऊ दिलं असतं?" बाझिलने केविलवाणं विचारलं.

"मग ओठ कशाला रंगवलेत मी सकाळपासून, बटाटे सोलायला?"

बाझिल भिंतीवर डोकं आपटायचा तेवढा राहिला. "पुन्हा म्हणा, बाई. पाया पडतो तुमच्या."

"नाही जमायचं, बाळा," बाई शांतपणे म्हणाल्या. "ते आलं. गेलं."

आन्सेल्मने त्यांच्या कानाला हेडफोन लावले. नियम तो नियम. बाईंनी डोळे मिटून सगळं ऐकलं. दुसऱ्या कडव्यात नाक मुरडलं. घंटीच्या जागी त्यांची बोटं टेबलावर हलली.

"दुसऱ्यात घसरलेय," त्या हेडफोन काढत म्हणाल्या. "गास्तों आठवडाभर बोलला नसता. पण ने. ने तू."

त्या उठल्या आणि मागच्या दारातून मांजराला हाका मारत बाहेर गेल्या. खुर्ची तशीच राहिली, थोडी तिरपी. पाठीवर फडकं, टेबलावर साली, ऊन.

आन्सेल्म खुर्चीकडे बघत राहिला. आणि एकदम त्याचे गुडघे पुन्हा हलायला लागले.

"बाझिल! घे. हे घे!"

"काय घेऊ? कोणी नाही तिथे."

"तेच घे! खुर्ची, टेबल, खिडकी. काही हलवू नकोस, साल सुद्धा नाही. मी सांगेपर्यंत थांबायचं नाही." त्याने स्टॉपवॉच पाहिलं. चार मिनिटं अकरा सेकंद. "चार मिनिटं अकरा सेकंद. वर थोडं. चल, ऊन चाललं!"

बाझिलने त्याच्याकडे पाहिलं. वीस वर्षं तो हा आवाज ओळखत होता. वर्षभर तो ऐकला नव्हता. त्याने डोळा कॅमेऱ्याला लावला.

निघताना ऑक्ताव्हने घड्याळ चालू केलं, फ्रिज लावला, आणि गार किल्ली बाझिलच्या हातात दिली.

* * *

सोमवारी सकाळी आन्सेल्म डब्यांची पिशवी घेऊन चौथा मजला जवळजवळ पळत चढला. खोलीच्या दारापाशी मात्र थांबला. आत आन्येस होती, नवी एडिटर, सत्तावीस वर्षांची. ती एका लाकडी स्टुलावर अवघडून बसली होती. टेबलासमोरची युगेतची खुर्ची, तपकिरी उशीची, रिकामी होती.

"अकरा महिने स्टुलावर बसतेस?"

"मला कोणी सांगितलं नव्हतं बसायला," ती म्हणाली.

"मग आता बस. पाठ मोडेल. चार दिवसांचं काम आहे."

त्यांनी ते अडीच दिवसांत केलं. जेवण खोलीतच, पाव, चीज आणि सफरचंदं. आन्सेल्म उभा राहून बोलायचा, हातवारे करायचा, छत्रीच्या गोष्टीला पुन्हा पुन्हा हसायचा. "बदकं आधी घे! नाही, नाही, छत्री आधी. मग बटाटा. बटाटा पाण्यात पडला की काप, त्याच्या आवाजावर!" आन्येस सुरुवातीला दबकून होती, दुसऱ्या दिवशी उलट बोलायला लागली. "तुमचं ऐकलं तर फिल्म तीन तासांची होईल. गप्प बसा जरा." आन्सेल्म गप्प बसला. हे वाक्य त्या खोलीत त्याने पूर्वी हजारदा ऐकलं होतं.

शेवटी त्यांनी बाईंच्या रिकाम्या खुर्चीच्या चित्रावर गाणं चढवलं.

विभागप्रमुख बघायला आला तो कोट न काढता उभाच राहिला. बदकांना हसला. मग रिकामी खुर्ची आली.

"चित्र अडकलंय का?"

"नाही."

"आन्सेल्म, चार मिनिटं खुर्ची? टीव्ही बिघडला म्हणून लोक त्याला थपडा मारतील."

"मारू देत. ऐका."

पहिल्या घंटीच्या रिकाम्या जागेला विभागप्रमुखाने भुवया उंचावल्या. दुसऱ्या जागेला तो स्टुलावर बसला. तिसऱ्या जागेला त्याने मांडीवर बोटं हलवली. लहानपणी बापाबरोबर बाईंना थिएटरात पाहिलं असेल कदाचित. दिवे लागल्यावर त्याने घसा खाकरला.

"ती गाताना दिसत नाही."

"नाही."

"हं." तो दारापर्यंत गेला. "चौदा तारखेला. साडेआठ वाजता. आणि तुझ्या त्या दोन डब्यांत काय आहे, तेही काढ आता." जिन्यावरून तो उतरताना ऐकू आलं, घंटीच्या जागी तो शिटी वाजवत होता.

आन्सेल्मने आन्येसचे दोन्ही खांदे धरून हलवले. "चौदा तारीख! ऐकलंस? दिएपला फोन लाव! बाझिलला लाव! नाही, आधी बाईंना!"

"लावते. आधी हे पुरं करू द्या." ती हसत पुन्हा टेबलाकडे वळली आणि गाण्याचा शेवट परत लावला. गाणं संपतं, बाईंचे हात टेबलावर टेकतात तो हलका आवाज, मग दिएपच्या त्या स्वयंपाकघराची शांतता, दूरवर कुरव पक्षी. आणि मग एक बारीक आवाज. टक्.

आन्येसने रीळ मागे घेतलं, पुन्हा ऐकलं. "हे काय आहे? कोणी तरी काही दाबलं. काढून टाकते, नाही तर लोकांना वाटेल चूक झाली." तिने कात्री उचलली.

आन्सेल्मचा हात गळ्यातल्या स्टॉपवॉचकडे गेला. एकेचाळीस फिल्म युगेतने जोडल्या. एकीतही तिचा आवाज नव्हता. असणारच नव्हता, तिचं काम ते नव्हतं.

"राहू दे," तो म्हणाला.

"पण ऐकू येतंय."

"येऊ दे."

आन्येसने एकदा त्याच्याकडे पाहिलं आणि कात्री खाली ठेवली. आन्सेल्मने गळ्यातून स्टॉपवॉच काढलं, त्याची दोरी नीट गुंडाळली, आणि ते टेबलावर, खुर्चीच्या उजव्या हाताला, पूर्वी असायचं तिथे ठेवलं.

"लाव आता दिएपला फोन," तो म्हणाला. "आणि त्यांना सांग, दुसऱ्या कडव्यात घसरलेलं आम्ही तसंच ठेवलंय."